वेळ कोणी घालवला?

३० ऑगस्ट २०२२ या एकाच दिवशी सर्वोच्च न्यायालयाने दोन जुनी प्रकरणे मिटवली. २००२ च्या गुजरात दंगलींच्या तपासाबद्दल राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाने आणि इतरांनी केलेल्या याचिका सरन्यायाधीश उदय लळित यांच्या पीठाने निकाली काढल्या. विशेष तपास पथकाकडे सोपवलेल्या नऊ खटल्यांपैकी आठ निकालापर्यंत पोचले होते आणि नरोडा गावच्या नवव्या खटल्यात शेवटचे युक्तिवाद चालू होते. याचिकांमध्ये आता करण्यासारखे काही उरले नाही, असे न्यायालयाने म्हटले. त्याच दिवशी न्या. संजय किशन कौल यांच्या पीठाने बाबरी मशीद पाडल्यावरून चाललेली न्यायालयाच्या अवमानाची कार्यवाही बंद केली. ती १९९२ पासूनची होती. मूळ याचिकादार २०१० मध्ये वारले होते, पाडकामाच्या वेळचे उत्तर प्रदेशचे मुख्यमंत्री कल्याणसिंह २०२१ मध्ये गेले होते आणि २०१९ मध्ये अयोध्येच्या जागेचा अंतिम निकालही लागला होता. कारण दोन्हीकडे एकच दिले गेले: काळाच्या ओघात प्रकरण निरर्थक झाले.

या दोन प्रकरणांत मला मोठा फरक दिसतो. पहिल्यात याचिकांनी आपले काम बऱ्याच अंशी केले होते. त्यांच्यामुळेच तपास पथक नेमले गेले, खटले उभे राहिले. ते काम संपल्यावर याचिका मिटली, यात वावगे काही नाही. दुसऱ्या प्रकरणात तीस वर्षांत निवाडाच झाला नाही आणि मग तीस वर्षे उलटली हेच ते बंद करण्याचे कारण झाले. कागदावर मात्र दोन्हींचा शेवट सारखाच. या लेखाचा विषय हा फरक आहे. याचिका निरर्थक झाली एवढे नोंदवून न्यायालयाने थांबू नये. ती कोणामुळे झाली आणि मागे काय शिल्लक राहिले, हेही आदेशात लिहिले जावे.

उच्च न्यायालयात ज्यांचे जाणेयेणे आहे त्यांना हा प्रकार रोजचा आहे. जुन्या प्रकरणांचे बोर्ड लागते. पुकारा होतो. वकील उठून सांगतात की ज्यांच्या बदलीला आव्हान दिले होते ते अधिकारी दरम्यान निवृत्त झाले, किंवा ज्या निविदेवरून वाद होता ते काम पुरे होऊन बिलही निघाले, किंवा ज्या सरपंचांच्या अपात्रतेचा प्रश्न होता त्या ग्रामपंचायतीची मुदतच संपली. न्यायमूर्ती दोन वाक्ये सांगतात: याचिकादाराच्या वकिलांचे निवेदन नोंदवले, याचिका निरर्थक झाल्याने निकाली, रूल डिस्चार्ज, खर्चाबाबत आदेश नाही. वकिलांच्या भाषेत ‘मॅटर इन्फ्रक्चुअस झालं’. एका सकाळी अशी कितीतरी प्रकरणे हातावेगळी होतात आणि प्रलंबित खटल्यांच्या आकड्यात तेवढी घट दिसते.

यात मूळचे काही चुकीचे आहे असे नाही. न्यायालय वादाचा निकाल लावते. वादच मिटला असेल तर न्यायमूर्तींनी निबंध लिहीत बसू नये. पासुपुलेटी व्यंकटेश्वरलू प्रकरणात १९७५ मध्ये न्या. कृष्ण अय्यर यांनी सांगितले की दावा दाखल झाल्यानंतर घडलेल्या गोष्टींचा हक्कावर किंवा मागितलेल्या दादीवर परिणाम होत असेल, तर न्यायालयाने त्यांची दखल घेतलीच पाहिजे. २००४ च्या शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या निकालाने आणखी पुढे जाऊन म्हटले, की दावा निरर्थक झाला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खालचे अंगभूत अधिकार वापरून तो संपवणे हे न्यायालयाचे कर्तव्यच आहे. मेलेला दावा चालू ठेवला की त्यातल्या मनाई हुकमाच्या आधारे एखादा पक्ष वर्षानुवर्षे समोरच्याला अडकवून ठेवतो. जमिनीच्या वादात हे आपण सगळीकडे पाहतो. तेव्हा हे तत्त्व गरजेचे आहे.

अमेरिकेत ते अधिक कडक आहे. तिथल्या राज्यघटनेने संघीय न्यायालयांना खऱ्या, जिवंत वादांपुरताच अधिकार दिला आहे. त्यामुळे वाद मेला की अधिकारच संपतो. १९७४ चे डेफ्युनिस प्रकरण यासाठी प्रसिद्ध आहे. वांशिक निकषांमुळे आपला प्रवेश नाकारला गेला असे म्हणणारा विद्यार्थी न्यायालयीन आदेशावर कायद्याच्या महाविद्यालयात शिकत राहिला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचेपर्यंत शेवटच्या सत्रात आला आणि न्यायालयाने प्रश्नाला हात न लावता प्रकरण संपवले. तोच प्रश्न चार वर्षांनी ‘बाकी’ (Bakke) या नावाच्या प्रकरणात पुन्हा उभा राहिला. तरी तिथेही अपवाद आहेत. जो अन्याय पुन्हा घडू शकतो, पण प्रत्येक वेळी न्यायालय निकालापर्यंत पोचण्याआधी संपून जातो, त्याचा विचार होतो. खटला चुकवण्यासाठी प्रतिवादीने आपली कृती आपणहून थांबवली तर तेवढ्याने प्रकरण सहसा संपत नाही.

आपल्याकडे घटनेत तशी अट नाही. उलट कलम ३२ खाली सर्वोच्च न्यायालयात जाणे हाच मूलभूत हक्क आहे आणि कलम २२६ ने उच्च न्यायालयांना दिलेला अधिकार फार मोठा आहे. याचिका निरर्थक ठरवणे हा आपल्याकडे बहुतांशी न्यायालयाच्या विवेकाचा भाग आहे. अधिकार असूनही न्यायालय गप्प राहते तेव्हा ती निवड असते, आणि निवडीची कारणे विचारता येतात.

वेळ कसा घालवला जातो याचे जवळचे उदाहरण मुंबईतच आहे. मेट्रो-३ च्या कारशेडसाठी आरे वसाहतीतील २,६४६ झाडांबाबत महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाने परवानगी दिली होती. त्यातली बहुतेक तोडायची होती, काहींचे पुनर्रोपण व्हायचे होते. ४ ऑक्टोबर २०१९, शुक्रवार. मुंबई उच्च न्यायालयाने त्याविरुद्धच्या याचिका फेटाळल्या. त्याच रात्री विजेच्या झोतात करवती चालू झाल्या. बातमी कळताच लोक जमले, जमावबंदी लागली, अटका झाल्या. शनिवारी स्थगितीसाठी पुन्हा उच्च न्यायालयात धाव घेतली गेली, ती मिळाली नाही. दसऱ्याची सुट्टी चालू असताना कायद्याच्या विद्यार्थ्यांनी सरन्यायाधीशांना पत्र लिहिले आणि सोमवारी, ७ ऑक्टोबरला, सर्वोच्च न्यायालयाच्या विशेष पीठाने जैसे थे आदेश दिला. तेव्हा राज्याच्या वतीने सांगण्यात आले की जेवढी झाडे तोडायची होती तेवढी तोडून झाली आहेत. आकडा पुढे आला: २,१४१.

शुक्रवार संध्याकाळ ते सोमवार सकाळ. उच्च न्यायालयाचा निकाल बरोबर होता की चूक, हा प्रश्न वरच्या न्यायालयात नेण्याचा हक्क याचिकादारांना होता आणि त्या हक्काचा विषयच त्या दोन-तीन दिवसांत आडवा झाला. प्रशासन म्हणेल, स्थगिती नव्हती, आम्ही कायद्याने वागलो. ते अक्षरशः खरेही आहे. पण अपिलाची संधी शिल्लक असताना रातोरात काम उरकण्यामागचा हेतू दुसरा काय असू शकतो, हे मला आजवर कोणी पटवून दिलेले नाही. एप्रिल २०२३ मध्ये याच प्रकल्पात न्यायालयाने परवानगी दिलेल्या ८४ झाडांपेक्षा जास्त झाडांसाठी मेट्रो कॉर्पोरेशनने परस्पर वृक्ष प्राधिकरणाकडे अर्ज केला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १० लाखांचा दंड लावला. तरीही १७७ झाडे तोडायला परवानगी दिली. काम थांबले तर त्याचा खर्च जनतेवरच पडेल, हे कारण.

घरांच्या बाबतीत हे आणखी क्रूर असते. बुलडोझर फिरल्यावर बांधकाम अधिकृत होते की अनधिकृत, या चर्चेने कोणाच्या डोक्यावर छप्पर येत नाही. न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांच्या पीठाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी देशभरासाठी नियम घालून दिले: पाडकामाआधी किमान पंधरा दिवसांची नोटीस, म्हणणे मांडण्याची संधी, आदेशानंतर अपिलासाठी वेळ, आणि नियम मोडले तर जबाबदार अधिकाऱ्याच्या खिशातून भरपाई. या निकालातले सर्वांत मोलाचे ते पंधरा दिवस आहेत, कारण ते याचिकेला जिवंत राहण्याइतका अवकाश देतात. चारच महिन्यांनी, मार्च २०२५ मध्ये, नागपुरात दंगलीनंतर एका आरोपीचे घर सकाळी पाडले गेले. नागपूर खंडपीठाने त्याच दिवशी पाडकामाला स्थगिती दिली, तोवर ते घर राहिलेले नव्हते.

सरकारच माघार घेते तेव्हा प्रश्नाचे रूप बदलते. तीन कृषी कायद्यांना सर्वोच्च न्यायालयाने १२ जानेवारी २०२१ रोजी स्थगिती दिली आणि समिती नेमली. शेतकरी संघटनेचे अनिल घनवट त्या समितीत होते. समितीने मार्च २०२१ मध्ये सीलबंद अहवाल दिला. न्यायालयाने तो उघडून चर्चेला घेतला नाही. १९ नोव्हेंबरला पंतप्रधानांनी कायदे मागे घेण्याची घोषणा केली, त्याच महिन्याच्या शेवटी संसदेने ते रद्द केले आणि याचिकांचे प्रयोजन गेले. घनवटांनी पुढच्या मार्चमध्ये अहवाल स्वतःच जाहीर केला. आंदोलकांना हवे ते मिळाले, हे उघड आहे. पण शेती आणि बाजार हे राज्यांचे विषय असताना केंद्राला असा कायदा करता येतो का, हा सांघिक रचनेचा मुख्य प्रश्न अनुत्तरित राहिला. कायदा घटनाबाह्य वाटतो असे कारण न देता न्यायालय त्याला स्थगिती देऊ शकते का, हा दुसरा प्रश्नही तसाच राहिला. दोन्ही प्रश्न पुन्हा येणार आहेत.

राजद्रोहाच्या कलमाबाबत न्यायालयाने वेगळा मार्ग धरला, आणि तो मला जास्त योग्य वाटतो. मे २०२२ मध्ये कलम १२४-अ तात्पुरते गोठवले गेले. ऑगस्ट २०२३ मध्ये नव्या न्यायसंहितेचे विधेयक संसदेत आले, तेव्हा केंद्राने सुनावणी पुढे ढकलण्याची विनंती केली. १२ सप्टेंबर २०२३ रोजी न्यायालयाने ती मानली नाही. नवा कायदा पुढच्या काळापुरता असेल, जुन्या कलमाखाली दाखल झालेले गुन्हे त्याने पुसले जाणार नाहीत, म्हणून आव्हान जिवंत आहे, असे सांगून प्रकरण मोठ्या पीठाकडे पाठवले. कसोटी साधी आहे. कायदा गेला तरी त्याच्याखाली अडकलेली माणसे आहेत का? असतील तर याचिका संपलेली नाही. याच कसोटीवर १९९४ मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने अमृतलाल प्रजीवनदास प्रकरणात, आणीबाणीतल्या स्थानबद्धतेची मुदत कधीच संपलेली असतानाही, त्या आदेशांच्या वैधतेचा विचार केला होता. स्थानबद्धता संपली तरी तिच्याच आधारावर तस्करीविरोधी कायद्याखाली मालमत्ता जप्त होत होत्या.

अध्यादेशांच्या इतिहासात तर हा खेळ जुना आहे. १९ जुलै १९६९ च्या अध्यादेशाने चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. तीन आठवड्यांत त्याच्या जागी कायदा आला. मुंबईच्या रुस्तुम कूपर यांच्या प्रसिद्ध खटल्यात कायद्याचा निकाल लागला, पण असा अध्यादेश काढण्याची निकड खरोखर होती का, हा प्रश्न आता केवळ तात्त्विक राहिला म्हणून बाजूला ठेवला गेला. अध्यादेशाचे आयुष्यच इतके थोडे असते की त्याची तपासणी करायला गेले की तो नेहमी आधीच निघून गेलेला असतो.

याला छेद दिला तो पुण्याच्या एका अभ्यासकाने. गोखले अर्थशास्त्र संस्थेतले डॉ. डी. सी. वाधवा बिहारमधल्या जमीनविषयक कायद्यांचा अभ्यास करत होते. त्यात त्यांना दिसले की तिथे विधिमंडळाला बाजूला सारून तेच ते अध्यादेश पुन्हा पुन्हा काढले जातात. त्यांनी राजपत्रे पालथी घातली. १९६७ ते १९८१ या काळातल्या २५६ अध्यादेशांचा माग लावला. काही अध्यादेश एक ते चौदा वर्षे जिवंत ठेवले गेले होते. हे संशोधन घेऊन ते सर्वोच्च न्यायालयात गेले. राज्याने नेहमीचे उत्तर दिले: आव्हान दिलेल्या अध्यादेशांपैकी काहींचे कायद्यात रूपांतर झाले आहे, पुण्याच्या प्राध्यापकाचा यात काय संबंध, प्रश्न केवळ तात्त्विक आहे. २० डिसेंबर १९८६ च्या निकालात सरन्यायाधीश भगवती यांच्या पीठाने हे फेटाळले. कायद्याच्या राज्यात राहणाऱ्या प्रत्येक नागरिकाला, आपल्यावर घटनेने सांगितलेल्या पद्धतीनेच कायदे लादले जावेत हा आग्रह धरता येतो, अशी न्यायालयाची भूमिका होती. अध्यादेशांचा हा धंदा घटनेशी केलेली लबाडी आहे, असे ठरले. वाधवांना त्यांच्या श्रमांबद्दल दहा हजार रुपये देण्याचा आदेश झाला. बिहारचा युक्तिवाद मान्य झाला असता, तर त्या लबाडीला न्यायालयाचा दरवाजा कायमचा बंद झाला असता, कारण ती उघडकीला येईपर्यंत प्रत्येक अध्यादेश मेलेलाच सापडला असता.

राजकीय खटल्यांत वेळेची किंमत सर्वांत जास्त. निवडणूक याचिकेचा निकाल सहा महिन्यांत लावण्याचा प्रयत्न व्हावा, असे लोकप्रतिनिधित्व कायदाच सांगतो. तसे क्वचित होते. १९७४ मध्ये लोकनाथ पाधान प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की ओरिसाची विधानसभाच विसर्जित झाली असल्याने निवडणुकीच्या वैधतेचा निकाल देण्यात अर्थ नाही. पण त्याच निकालात एक महत्त्वाचा अपवाद सांगितला: आरोप भ्रष्ट आचरणाचा असेल, तर त्यातून पुढची अपात्रता येते, म्हणून तो प्रश्न सभागृहाबरोबर मरत नाही. महाराष्ट्राने या अपवादाचे फळ पाहिले आहे. विलेपार्ल्याची पोटनिवडणूक डिसेंबर १९८७ मध्ये झाली. ती विधानसभा १९९० मध्ये संपली. तरी डॉ. रमेश प्रभू यांच्या निवडणुकीचा आणि त्या प्रचारातल्या बाळासाहेब ठाकरे यांच्या भाषणांचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर १९९५ रोजी दिला, आणि त्याचा परिणाम म्हणून ठाकरे यांचा मताधिकार सहा वर्षांसाठी गेला. उशिरा का होईना, प्रश्नाचा निवाडा झाला.

सरकारे पाडण्याच्या प्रकरणांत न्यायालयाचा अनुभव याहून कडवट आहे. कर्नाटकातले बोम्मई सरकार एप्रिल १९८९ मध्ये बरखास्त झाले. ती बरखास्ती घटनाबाह्य होती हे मार्च १९९४ मध्ये ठरले. मधल्या काळात निवडणूक होऊन गेली होती, सरकार परत येण्याचा प्रश्नच नव्हता. पण नऊ न्यायमूर्तींनी प्रकरण निरर्थक म्हणून सोडून दिले नाही. राष्ट्रपती राजवटीच्या घोषणेची न्यायालयीन तपासणी होऊ शकते, आणि ती चूक ठरली तर पाडलेले सरकार परत आणता येईल, हे त्यांनी लिहून ठेवले. २००५ मध्ये बिहार विधानसभेचे विसर्जन घटनाबाह्य ठरले. न्यायालयाने तो संक्षिप्त आदेश ७ ऑक्टोबरलाच दिला, तरी निवडणूक प्रक्रिया सुरू झाल्यामुळे जुनी विधानसभा पुन्हा उभी केली नाही. २०१६ मध्ये अरुणाचलात मात्र नबाम तुकी यांचे सरकार न्यायालयाच्या निकालाने खरोखर परत आले. बोम्मईमध्ये ज्यांना काहीच मिळाले नाही, त्यांच्या याचिकेनेच अरुणाचलचा रस्ता तयार केला होता. दाद देता येत नसतानाही निकाल द्यावा, याला यापेक्षा चांगला पुरावा मला माहीत नाही.

मग महाराष्ट्रातले २०२२ चे सत्तांतर. २९ जून रोजी रात्री सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या दिवशीच्या बहुमत चाचणीला स्थगिती नाकारली आणि मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी राजीनामा दिला. ११ मे २०२३ च्या सुभाष देसाई निकालात पाच न्यायमूर्तींनी म्हटले, की राज्यपालांनी बहुमत चाचणी बोलावणे समर्थनीय नव्हते आणि शिवसेनेतल्या बंडखोर शिंदे गटाचा प्रतोद नेमण्याचा अध्यक्षांचा निर्णय बेकायदा होता. पण ठाकरे चाचणीला सामोरे न जाता पायउतार झाले, म्हणून आधीची स्थिती परत आणता येत नाही. कायद्याच्या दृष्टीने हे कारण समजण्यासारखे आहे. तरीही माझ्या मते निर्णायक तारीख ११ मे नव्हती, २९ जून होती. स्थगिती द्यायची की नाही हे ठरले त्या रात्रीच पुढच्या निकालातून काय मिळू शकेल याची मर्यादा ठरून गेली. अपात्रतेचे अर्ज अध्यक्षांकडे गेले, त्यांचा निर्णय १० जानेवारी २०२४ रोजी झाला, त्याविरुद्ध पुन्हा न्यायालयात जाणे झाले, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये नवी विधानसभा निवडून आली. ज्या सभागृहातून अपात्र ठरवायचे ते सभागृहच उरले नाही.

गोव्यातही हेच घडले. जुलै २०१९ मध्ये काँग्रेसच्या पंधरापैकी दहा आमदारांनी भाजपमध्ये प्रवेश केला. सभापतींचा निर्णय एप्रिल २०२१ मध्ये आला. उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाचा निकाल २४ फेब्रुवारी २०२२ रोजी आला, पुढच्या निवडणुकीचे मतदान होऊन दहा दिवस झाल्यावर. अध्यक्षांनी तीन महिन्यांत निर्णय द्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये मणिपूरच्या प्रकरणात सांगितले होते. जुलै २०२५ मध्ये तेलंगणाच्या अध्यक्षांना तीच तीन महिन्यांची मुदत द्यावी लागली. पक्षांतरबंदी कायद्यात सर्वांत स्वस्त बचाव कोणता, तर कॅलेंडर. २००७ मध्ये राजेंद्रसिंह राणा प्रकरणात न्यायालयाने एकदा हा बचाव मोडून काढला होता. उत्तर प्रदेश विधानसभेची मुदत संपत आली असताना त्याने प्रकरण अध्यक्षांकडे परत न पाठवता आमदारांना थेट अपात्र ठरवले. तेव्हा हे करता येते. करायचे ठरवले पाहिजे.

नोटाबंदीचे प्रकरण वेगळ्या कारणाने लक्षात राहते. ८ नोव्हेंबर २०१६ च्या निर्णयाविरुद्धच्या याचिका डिसेंबरमध्येच घटनापीठाकडे सोपवल्या गेल्या. पीठ प्रत्यक्षात बसले २०२२ च्या उत्तरार्धात, आणि तेव्हा केंद्राचा पहिला मुद्दा होता की आता हा विषय केवळ अभ्यासाचा राहिला आहे. न्यायालयाने सुनावणी घेतली, हे चांगले झाले. २ जानेवारी २०२३ रोजी चार विरुद्ध एक असा निकाल लागला. न्या. बी. व्ही. नागरत्ना यांचा अल्पमताचा निकाल मला या लेखाच्या दृष्टीने अधिक बोलका वाटतो. अधिसूचना बेकायदा होती असे त्यांनी ठरवले, आणि लगेच पुढे नोंदवले की झालेले आता उलटवता येत नाही, म्हणून हा निष्कर्ष पुढच्या काळापुरता लागू. म्हणजे त्यांचे मत बहुमताचे असते तरी बँकेच्या रांगेत उभ्या राहिलेल्या कोणालाही त्यातून काही मिळाले नसते. सहा वर्षे प्रकरण पडून राहिले ते न्यायालयाकडे. त्याचा दोष सरकारच्या किंवा याचिकादारांच्या माथी मारता येत नाही. स्वतःच्या उशिराचा फायदा दुसऱ्या पक्षाला होणार असेल, तर निदान निवाडा देणे ही न्यायालयाची जबाबदारी आहे.

माणसाच्या स्वातंत्र्याच्या प्रकरणांत न्यायालयाने पूर्वी जे करून दाखवले ते आज वकिलांनीही विसरावे, याचे मला वाईट वाटते. रुदल साह या बिहारमधल्या कैद्याला ३ जून १९६८ रोजी सत्र न्यायालयाने निर्दोष सोडले. तो तुरुंगातून बाहेर आला १६ ऑक्टोबर १९८२ रोजी. चौदा वर्षे. त्याच्या वतीने सर्वोच्च न्यायालयात बंदीप्रत्यक्षीकरणाची याचिका झाली होती. ती नोव्हेंबरमध्ये सुनावणीला आली तेव्हा राज्याने सांगितले की त्याला सोडून दिले आहे. सुटकेची मागणी पूर्ण झाली होती, आणि एरवी त्या दिवशी दोन ओळींचा आदेश झाला असता. पण याचिकेत आणखी मागण्या होत्या: उपचाराचा खर्च, पुनर्वसन, नुकसानभरपाई. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाने त्या मागण्यांवर राज्याकडून खुलासा मागवला. १ ऑगस्ट १९८३ च्या निकालात आधी दिलेल्या पाच हजारांशिवाय तीस हजार रुपये देण्याचा आदेश झाला. मूलभूत हक्क मोडल्याबद्दल कलम ३२ खाली भरपाई देता येते, हे तत्त्व तिथून रुजले. दोनच वर्षांनी भीमसिंग प्रकरणात त्याचा उपयोग झाला. जम्मू-काश्मीरचे हे आमदार विधानसभेच्या अधिवेशनाला निघाले असताना त्यांना अटक झाली आणि काही दिवसांत सोडण्यात आले. न्यायालयाने पन्नास हजारांची भरपाई दिली.

महाराष्ट्रात तडीपारीचा आदेश जास्तीत जास्त दोन वर्षांचा असतो, एमपीडीए कायद्याखालची स्थानबद्धता एक वर्षाची. तडीपारीत आधी राज्य सरकारकडे अपील, मग उच्च न्यायालय, मग तारखा. कित्येकदा मुदत संपून माणूस घरी परततो आणि याचिका निरर्थक म्हणून मिटते. पण आदेश कागदावर राहतो. पुढच्या वेळी पोलीस ठाण्यातून प्रस्ताव तयार होतो तेव्हा ‘यापूर्वी तडीपार’ ही ओळ त्यात हमखास असते. ज्या आदेशाचा परिणाम असा पुढे चालतो त्याला संपलेला कसे म्हणावे?

जमावबंदीचे आदेश तर दिवसांच्या हिशेबात संपतात. डिसेंबर २०१९ मध्ये नागरिकत्व कायद्याविरोधी निदर्शनांच्या वेळी बंगळुरूत १९ ते २१ डिसेंबर असा तीन दिवसांचा आदेश होता. मुंबई उच्च न्यायालयातून तिकडे मुख्य न्यायाधीश म्हणून गेलेले अभय ओक यांच्या पीठाने, तो आदेश केव्हाच संपला असताना, १३ फेब्रुवारी २०२० रोजी तो बेकायदा ठरवला. तीन दिवसांचा आदेश तीन दिवसांतच तपासता येईल असे म्हटले, तर तो कधीच तपासता येणार नाही. पालघरच्या दोन मुलींना २०१२ मध्ये फेसबुकवरच्या मजकुरासाठी अटक झाली. त्यांच्यावरचे प्रकरण पुढे बंद झाले. पण त्या अटकेने उभा केलेला प्रश्न श्रेया सिंघल याचिकेत चालू राहिला आणि २०१५ मध्ये माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६-अ रद्द झाले. ती वैयक्तिक प्रकरणे मिटली म्हणून मोठा प्रश्न मिटला असे कोणी म्हटले नाही, म्हणून हे शक्य झाले.

आणि कधी कधी दाद मागणारा माणूसच उरत नाही. एल्गार परिषद प्रकरणातले फादर स्टॅन स्वामी ८४ वर्षांचे होते. त्यांच्या जामिनाची सुनावणी मुंबई उच्च न्यायालयात ५ जुलै २०२१ च्या दुपारी होती, आणि त्या सुनावणीत न्यायालयाला सांगावे लागले की थोड्या वेळापूर्वी त्यांचे निधन झाले. जामीन अर्जाचे पुढे काय झाले, याला कायद्यात उत्तर आहे. त्यापलीकडे काही नाही.

विद्यार्थ्यांच्या प्रवेशाबाबत कायदा बराच सुधारला आहे, हे मुद्दाम सांगायला हवे. पूर्वी ३० सप्टेंबर उलटला की वैद्यकीय प्रवेशाची याचिका संपली असे धरले जाई. डिसेंबर २०१९ मध्ये कृष्ण श्रद्धा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की विद्यार्थ्याचा दोष नसेल, त्याने वेळेत धाव घेतली असेल आणि त्याला बेकायदा डावलले असेल, तर नुसती भरपाई पुरेशी नाही. त्याच वर्षी एक-दोन जागा वाढवून किंवा पुढच्या वर्षी प्रवेश द्यावा. अशा याचिकांची सुनावणी लवकर घेण्याचेही बजावले. महाराष्ट्रात २०२४ मध्ये शिक्षणहक्क कायद्याचे (आरटीई) नियम बदलून, सरकारी शाळेच्या एक किलोमीटर परिसरातील खासगी शाळांना पंचवीस टक्के राखीव प्रवेशातून सूट दिली गेली, तेव्हा मुंबई उच्च न्यायालयाने शाळा सुरू होण्याआधीच, ६ मे रोजी, स्थगिती दिली आणि १९ जुलैला तो नियम रद्द केला. तारीख पाहून काम केले की काय होते, त्याचा हा नमुना.

यातून काही साध्या मागण्या निघतात. याचिका निरर्थक म्हणून मिटवताना आदेशात तीन गोष्टी याव्यात: कोणत्या घटनेने ती निरर्थक झाली, ती घटना कोणी घडवली, आणि आव्हान दिलेल्या आदेशाचा पुढे परिणाम चालू आहे का. तीन ओळी पुरतील. प्रतिवादीने सुनावणी चालू असताना काम उरकले असेल, तर दाव्याचा खर्च त्याच्यावर पडावा. ‘खर्चाबाबत आदेश नाही’ हे वाक्य तिथे शोभत नाही. मुदतीच्या आदेशांविरुद्ध, म्हणजे तडीपारी, स्थानबद्धता, जमावबंदी, निलंबन यांविरुद्ध, याचिका दाखल होतानाच मुदत संपण्याची तारीख कव्हरवर लिहून त्या हिशेबाने बोर्डावर घेण्याची व्यवस्था कार्यालयाला सहज करता येईल. आणि न्यायालय मुद्दा खुला ठेवते तेव्हा त्याचा अर्थ तो निकाली निघाला असा होऊ नये. ११ डिसेंबर २०२३ च्या कलम ३७० च्या निकालात जम्मू-काश्मीरचे केंद्रशासित प्रदेशात रूपांतर वैध होते का, हा प्रश्न न्यायालयाने सोडला, कारण राज्याचा दर्जा परत देऊ असे केंद्राने सांगितले होते. एखाद्या राज्याचे असे रूपांतर करता येते का, हे उद्या दुसऱ्या कोणत्याही राज्याला विचारावे लागेल, आणि तेव्हा हाताशी निवाडा नसेल.

वकिलांकडेही यात काम आहे. बहुसंख्य याचिकांत प्रार्थना एकच असते: आदेश रद्द करा, तोवर स्थगिती द्या. स्थगिती नाकारली आणि वेळ गेली की त्या याचिकेत धरायला काही उरत नाही. आदेश बेकायदा होता असे जाहीर करावे, नुकसानभरपाई द्यावी, या आदेशाचा पुढे कोणत्याही कारवाईत आधार घेऊ नये, अशा प्रार्थना पहिल्याच दिवशी लिहिल्या पाहिजेत. राहिल्या असतील तर दुरुस्तीचा अर्ज करून घालता येतात. रुदल साहच्या याचिकेत सुटकेशिवाय आणखी काही मागितले होते, म्हणून १९८२ च्या नोव्हेंबरमध्ये ती बंद झाली नाही.